संवर्ग विलीन झाला, ज्येष्ठता यादी आली: आक्षेप कसा आणि कोणत्या क्रमाने घ्यायचा

दोन संवर्ग, म्हणजे पदांचे वेगवेगळे गट, विलीन झाले आणि त्यांची एकत्रित ज्येष्ठता यादी (सेवेत कोण वर, कोण खाली याचा क्रम) कार्यालयाच्या व्हॉट्सअॅप ग्रुपवर आली की पहिल्या दहा मिनिटांत प्रत्येक जण दोनच गोष्टी शोधतो. आपलं नाव आणि आपल्या बरोबरीच्या माणसाचं नाव. रात्री एका पानाचं निवेदन तयार होतं: "माझा क्रमांक २१४ दाखवला आहे, तो ९८ असायला हवा, तरी न्याय मिळावा." मी मराठवाड्यातल्या एका कार्यालयात बरीच वर्षं आस्थापनेच्या टेबलावर काढली. अशी निवेदनं गठ्ठ्यांनी हाताळली. त्यातली बहुतेक "यादी नियमानुसार तयार केली आहे" या एका ओळीत निकाली निघाली. लिहिणाऱ्यांवरचा अन्याय कित्येकदा खरा होता. निवेदनात क्रमांकाची तक्रार होती, पण कोणता निकष चुकला आणि कोणत्या कागदाच्या आधारे, हे कुठेच नव्हतं.

एकाच संवर्गाची यादी चुकली तर सहसा तारीख चुकलेली असते. दोन संवर्ग एकत्र होतात तेव्हा तारखा बरोबर असूनही यादी चुकू शकते, कारण कोणती तारीख धरायची हाच वाद असतो. म्हणून कामाचा क्रम महत्त्वाचा. आधी विलीनीकरणाचा आदेश, मग स्वतःचे कागद, मग दुसऱ्या बाजूचे कागद, मग स्वतः मांडलेली यादी आणि सगळ्यात शेवटी आक्षेप. लोक शेवटून सुरुवात करतात आणि तिथेच अडकतात.

सुरुवात करण्याआधी: आपण कोणाचे कर्मचारी?

हा प्रश्न साधा वाटतो, पण चुकीच्या दारात जाऊन वर्ष गमावलेले लोक मी पाहिले आहेत.

राज्य शासनाच्या विभागात असाल (महसूल, कृषी, जलसंपदा, सार्वजनिक बांधकाम वगैरे) तर वाद महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणाकडे, म्हणजे आपण ज्याला मॅट म्हणतो तिथे जातो. मॅटचं मुख्य पीठ मुंबईत आहे. नागपूर आणि छत्रपती संभाजीनगर इथे तिची खंडपीठं आहेत. जिल्हा परिषदेच्या जिल्हा सेवेत असाल तर मॅट तुमच्यासाठी नाही. वरिष्ठांकडचा मार्ग संपल्यावर तुम्हाला उच्च न्यायालयात (मराठवाड्यात असाल तर औरंगाबाद खंडपीठात) रिट याचिका करावी लागते. महावितरण, एसटी महामंडळ, ग्रामीण बँक यांचंही मॅटशी नातं नाही. त्यांचे स्वतःचे सेवा विनियम आहेत, आणि पदानुसार औद्योगिक न्यायालय किंवा उच्च न्यायालय हा रस्ता असतो.

तपासणी: नियुक्ती आदेशाच्या शेवटी सही कोणाची आहे ते पाहा. नियुक्ती प्राधिकारी म्हणजे सही करणारा अधिकारी. पगार कुठून निघतो यावरून अंदाज बांधू नका. पंचायत समितीत बसणारे काही अधिकारी राज्यसेवेचे असतात, आणि शेजारच्याच टेबलावरचा सहायक जिल्हा परिषदेचा असतो.

टप्पा १: विलीनीकरणाचा आदेश मिळवा आणि चार प्रश्नांसाठी वाचा

ज्येष्ठता यादी ही नंतरची गोष्ट. तिचा पाया विलीनीकरणाचा शासन निर्णय किंवा अधिसूचना आणि त्यानंतर बदललेले सेवाप्रवेश नियम यांत असतो. दोन्ही कागद पूर्ण मिळवा. शासन निर्णयाची प्रस्तावनाही वाचा, कारण समितीने काय शिफारस केली होती ते बऱ्याचदा तिथेच सापडतं. वाचताना पेन्सिलने चार प्रश्नांची उत्तरं काढा.

पहिला प्रश्न: कोणती पदं समकक्ष ठरवली? समकक्षता ठरवण्याचे चार निकष सर्वोच्च न्यायालयाने राज्य पुनर्रचनेनंतरच्या एकत्रीकरणाच्या वादांत मान्य केले. पदाचं स्वरूप आणि कर्तव्यं, जबाबदारी आणि अधिकार व कार्यक्षेत्राचा विस्तार, भरतीसाठी लागणारी किमान अर्हता, आणि वेतन. वेतन शेवटी येतं. पहिले तीन निकष जुळत असतील तर केवळ वेतनश्रेणी वेगळी म्हणून पद समकक्ष नाही असं म्हणता येत नाही, हे १९९९ मध्ये दिल्ली पोलिसांच्या एका प्रकरणात न्यायालयाने स्पष्ट केलं. आपल्याकडे मात्र लोक सगळ्यात आधी ग्रेड पे काढून दाखवतात. तुमचा मुद्दा समकक्षतेचा असेल तर कर्तव्यसूची आणि अर्हता यांवर भर द्या.

दुसरा प्रश्न: कोणती तारीख धरायची? विलीन होण्याचा दिवस, मूळ पदावरची नियमित नियुक्ती, की समकक्ष ठरवलेल्या पदावर आल्याचा दिवस? आदेशात "एकत्रित ज्येष्ठता" एवढंच लिहिलं असेल आणि तारीख नसेल, तर तुमचा अर्धा वाद तिथेच आहे. ते वाक्य अधोरेखित करून ठेवा.

तिसरा प्रश्न: एकत्र करण्याची पद्धत कोणती? एका संवर्गाचा सगळा गट वर आणि दुसऱ्याचा खाली, की सेवेच्या कालावधीनुसार मिसळलेले, की ठरावीक प्रमाणात आलटून पालटून?

चौथा प्रश्न: मूळ संवर्गातली आपापसातली ज्येष्ठता जपली आहे का? संवर्ग एकत्र करताना एकाच मूळ संवर्गातल्या दोघांचा आपापसातला क्रम कारणाशिवाय उलटता येत नाही.

सावधान: शासनाने संवर्ग विलीन का केले यावर आक्षेपाची पानं भरू नका. संवर्ग रचना हा धोरणाचा विषय आहे आणि न्यायालय त्यात सहसा हात घालत नाही. आणखी एक गोष्ट: पदोन्नतीची संधी कमी झाली, एवढ्यावर केस उभी राहत नाही. जुन्या हैदराबाद राज्यातून आलेल्या तहसीलदारांच्या १९७३ च्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने हा फरक मांडला आहे. पदोन्नतीसाठी विचार होणं हा हक्क आहे, पदोन्नतीची शक्यता ही सेवाशर्त नाही. म्हणून "माझी संधी गेली" असं लिहू नका. "माझा विचार चुकीच्या क्रमाने झाला" असं लिहा.

टप्पा २: स्वतःचं सेवापुस्तक आधी स्वतः वाचा

दुसऱ्याच्या तारखेवर बोट ठेवण्याआधी आपलं सेवापुस्तक, म्हणजे नोकरीतल्या सगळ्या नोंदींची वही, पहिल्या पानापासून बघा. कितीतरी प्रकरणांत आक्षेप घेणाऱ्याच्याच पुस्तकात पहिल्या नियुक्तीची नोंद अर्धवट असते, किंवा रुजू तारखेवर खाडाखोड असते आणि शेजारी सही नसते. समोरच्याचा वकील सुरुवात तिथूनच करतो.

हे कागद एका फाइलमध्ये लावा: नियुक्ती आदेश, रुजू अहवाल, निवड यादीतला गुणवत्ता क्रमांक, परिविक्षा (सुरुवातीचा चाचणीचा काळ) संपल्याचा किंवा नियमित केल्याचा आदेश, प्रत्येक पदोन्नतीचा आदेश, विभागीय किंवा सेवाप्रवेशोत्तर परीक्षेचा निकाल, आणि असतील तर विनावेतन रजेचे आदेश. परीक्षेचा कागद लोक विसरतात. महसूलमध्ये दुय्यम सेवा परीक्षा आणि महसूल अर्हता परीक्षा विहित मुदतीत आणि विहित संधींत उत्तीर्ण न झालेल्याची ज्येष्ठता खाली जाते. इतर विभागांतही अशा अटी आहेत. आपण वेळेत उत्तीर्ण झालो असू तर तो दाखला आपल्या बाजूचा सगळ्यात मजबूत कागद ठरू शकतो.

पदोन्नती "तदर्थ" होती का, "तात्पुरत्या स्वरूपात" होती का, हे आदेशातच पाहा. सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठाने १९९० मध्ये, महाराष्ट्रातल्याच वर्ग-२ अभियंत्यांच्या संघटनेच्या प्रकरणात, हे सूत्र घालून दिलं: नियमानुसार नियुक्ती झाली असेल तर ज्येष्ठता नियुक्तीच्या दिनांकापासून मोजायची, कायम केल्याच्या दिनांकापासून नाही. पण नियम बाजूला ठेवून केलेली निव्वळ तदर्थ, काम चालवण्यापुरती नेमणूक मोजायची नाही. माझ्या अनुभवात ज्येष्ठतेचे निम्मे वाद या दोन वाक्यांच्या मधल्या जागेत असतात. "मी तेव्हापासून त्याच खुर्चीवर आहे" हे पुरेसं नाही. त्या खुर्चीवर नियमाने बसलात का, हे कागद सांगतो.

तपासणी: विनंतीवरून जिल्हा किंवा नियुक्ती प्राधिकाऱ्याचं कार्यक्षेत्र बदललं असेल तर त्या बदली आदेशातली ज्येष्ठतेची अट पुन्हा वाचा. जिल्हा परिषदेत आंतरजिल्हा बदलीने आलेल्याची ज्येष्ठता नव्या जिल्ह्यात नव्याने सुरू होते. ही अट मान्य करून आलो असू तर पुढे तिच्याविरुद्ध भांडता येत नाही.

टप्पा ३: माहिती अधिकारातून दुसऱ्या बाजूचे कागद

दुसऱ्या संवर्गाच्या माणसाची तारीख चुकीची आहे, असं फक्त ऐकून लिहू नका. माहिती अधिकाराचा अर्ज करा. शुल्क १० रुपये, उत्तराची मुदत ३० दिवस. उत्तर आलं नाही किंवा अर्धवट आलं तर ३० दिवसांत पहिलं अपील, त्याला महाराष्ट्रात २० रुपये शुल्क. राज्याच्या नियमांप्रमाणे एका अर्जात एकच विषय आणि १५० शब्दांच्या आत, हे लक्षात ठेवा. एका अर्जात सगळंच मागितलं की तो परत येतो.

मागायचं काय? दोन्ही मूळ संवर्गांच्या विलीनीकरणापूर्वीच्या शेवटच्या अंतिम ज्येष्ठता याद्या, ज्येष्ठता यादी तयार करताना वापरलेल्या निकषांची टिपणी, आलेल्या आक्षेपांवरच्या निर्णयाची टिपणी, आणि विलीनीकरणासाठी समिती नेमली असेल तर तिचा अहवाल. टिपणीवरच्या नोंदी नक्की मागा. यादीपेक्षा टिपणी जास्त बोलते, कारण निकष कोणी सुचवला आणि कोणत्या नियमाचा आधार घेतला हे तिथे लिहिलेलं असतं. दुसऱ्या कर्मचाऱ्याचं संपूर्ण सेवापुस्तक मागू नका. ते वैयक्तिक माहिती म्हणून नाकारलं जाईल आणि महिना जाईल. त्याच्या नियुक्तीचा आणि पदोन्नतीचा आदेश मागा. ते कार्यालयीन आदेश आहेत.

सावधान: माहिती अधिकाराचं उत्तर यायची वाट पाहत आक्षेपाची मुदत घालवू नका. प्रारूप यादीवर, म्हणजे अंतिम होण्याआधीच्या यादीवर, आक्षेपाची मुदत परिपत्रकात दिलेली असते आणि ती बऱ्याचदा माहिती अधिकाराच्या ३० दिवसांपेक्षा आधी संपते. आक्षेप वेळेत द्या आणि त्यातच लिहा की कागदपत्रं मागितली आहेत, मिळताच पूरक आक्षेप सादर करण्याचा हक्क राखून ठेवतो.

टप्पा ४: यादी स्वतः मांडून बघा

हा टप्पा लोक टाळतात, आणि मला सगळ्यात जास्त हाच आवडतो. एका वहीत किंवा एक्सेलमध्ये स्वतःसह वादातल्या दहा-पंधरा जणांचा तक्ता करा. रकाने असे: मूळ संवर्ग, मूळ पदावर नियमित नियुक्ती, पदोन्नतीचा दिनांक, पदोन्नती नियमित की तदर्थ, परीक्षा उत्तीर्ण दिनांक, विनंती बदली झाली असल्यास तिचा दिनांक, यादीतला क्रमांक.

एक उदाहरण घेऊ. २०२४ मध्ये राज्य मंत्रिमंडळाने ग्रामसेवक आणि ग्रामविकास अधिकारी ही पदं एकत्र करून ग्रामपंचायत अधिकारी असं एकच पद करण्याचा निर्णय घेतला. ग्रामविकास अधिकारी हे ग्रामसेवकाच्या पदोन्नतीचं पद होतं. म्हणजे इथे बरोबरीची दोन पदं एकत्र आली नाहीत, खालचं आणि वरचं पद एकत्र आलं. लातूर जिल्हा परिषदेत तिघे जण आहेत असं धरा. तिघेही काल्पनिक.

'अ' ग्रामसेवक म्हणून १२ जून २००६ रोजी नियमित झाला आणि ३ ऑगस्ट २०१८ रोजी ग्रामविकास अधिकारी झाला. 'ब' २० मे २००४ रोजी नियमित झाला, पण २०१८ मध्ये घरच्या आजारपणामुळे त्याने पदोन्नती नाकारली आणि ग्रामसेवकच राहिला. 'क' नांदेडमध्ये ७ जुलै २००२ रोजी नियमित झाला आणि विनंती बदलीने १५ जून २०१५ रोजी लातूरला आला.

वरच्या पदाचा गट आधी धरला तर क्रम अ, ब, क. लातूर जिल्ह्यातली मूळ पदावरची नियमित सेवा धरली तर ब, अ, क. पहिली नियुक्ती कुठेही झाली असली तरी तीच धरली तर क, ब, अ. माणसं तीच आणि तारखाही त्याच, तरी तीन निकषांत तीन वेगवेगळे जण पहिले आले. आता तिघांपैकी कोणीही "माझा क्रमांक चुकला" असं लिहून आला तर टेबलावरचा माणूस काय करणार? तिघांचाही आपापल्या निकषाप्रमाणे दावा आहे.

पुढे जाऊ. 'अ'ची बाजू अशी: वरच्या पदावर निवडीने गेलेल्याला खालच्या पदावरच्याच्या मागे बसवणं म्हणजे असमानांना समान मानणं. हा मुद्दा घटनेच्या अनुच्छेद १४ आणि १६ ला धरून आहे. 'ब'ची अडचण त्याच्या नकारपत्रात आहे. ते पत्र फाइलमध्ये आहे आणि वाद सुरू झाला की पहिल्यांदा तेच काढलं जाईल. 'ब'ला लढायचं असेल तर फक्त विलीनीकरणाच्या आदेशातल्या शब्दांवर. मूळ पदाची सेवा धरायची असं तिथे स्पष्ट लिहिलं असेल तर त्याचं पारडं जड. 'क'ने २००२ धरून बसू नये. बदलीची अट त्याने स्वतः मान्य केली आहे.

कंत्राटी काळाबद्दलही इथेच सांगतो, कारण प्रत्येक बैठकीत तो निघतो. वादातल्या सगळ्यांचाच कंत्राटी काळ सारखा, समजा तीन वर्षांचा असेल, तर तो मोजला तरी क्रम तसूभरही हलत नाही. सगळ्यांच्या तारखा सारख्याच मागे जातात. हा मुद्दा तेव्हाच उचला जेव्हा काहींना तो काळ होता आणि काहींना नव्हता. तक्ता मांडला की हे पाच मिनिटांत कळतं. मांडला नाही तर संघटनेच्या दोन बैठका त्यात जातात.

तपासणी: एकत्रित यादी घ्या आणि त्यातून फक्त आपल्या मूळ संवर्गाची नावं वेगळी लिहा. हा क्रम जुन्या अंतिम यादीशी जुळतो का? जुळत नसेल तर कुठे बदलला आणि कोणत्या आदेशामुळे? ही तपासणी एका संध्याकाळी होते आणि आक्षेपातला सगळ्यात भक्कम मुद्दा बहुतेक वेळा तिच्यातून निघतो.

टप्पा ५: कोणता नियम लागू, ते ठरवा

राज्य शासकीय कर्मचाऱ्यांसाठी आता महाराष्ट्र नागरी सेवा (ज्येष्ठतेचे विनियमन) नियम, २०२१ आहेत. त्याआधी १९८२ चे नियम होते. तुमचा हक्क ज्या दिवशी निर्माण झाला त्या दिवशी कोणते नियम होते ते बघा. जुन्या नियुक्तीला नवे नियम सरसकट लावलेले दिसले तर तो स्वतंत्र मुद्दा आहे. जिल्हा परिषदेत भरतीचे नियम १९६७ चे आहेत आणि त्यांत पदनिहाय सुधारणा होत आल्या आहेत, म्हणून तुमच्या पदाची शेवटची सुधारणा शोधा.

दोघांची तारीख एकच असेल तर लगेच जन्मतारखेवर उडी मारू नका. एकाच निवड यादीतून आलेल्यांचा क्रम आधी निवड यादीतल्या गुणवत्तेवर ठरतो. रुजू व्हायला कोण चार दिवस आधी गेलं याला तिथे फार किंमत नाही. परभणीहून बसने निघालेला आणि शेजारच्या गल्लीतून चालत आलेला यांत नियम फरक करत नाही.

सावधान: बिंदुनामावली (आरक्षणानुसार पदांची वाटणी दाखवणारी नोंद) आणि ज्येष्ठता यादी या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. बिंदुनामावलीतला क्रम दाखवून ज्येष्ठता मागणारा आक्षेप पहिल्याच वाचनात बाद होतो.

टप्पा ६: आक्षेप लिहा

दोन पानं पुरे. एका आक्षेपात एक किंवा दोन निकष, जास्त नाहीत. रचना अशी ठेवा: संदर्भ (प्रारूप यादीचं परिपत्रक आणि दिनांक), माझी वस्तुस्थिती, कोणता निकष चुकीचा लागला, कोणत्या नियमानुसार, त्यामुळे कोणत्या क्रमांकांवर परिणाम झाला, काय बदलावं, आणि जोडपत्रं. मजकुराचा नमुना:

"उपरोक्त संदर्भीय प्रारूप एकत्रित ज्येष्ठता यादीत माझे नाव अनुक्रमांक ____ वर आहे. मी ____ या मूळ संवर्गात दिनांक ____ रोजी नियमित नियुक्त असून दिनांक ____ च्या अंतिम ज्येष्ठता यादीत माझा क्रमांक ____ होता (जोडपत्र १). विलीनीकरणाच्या दिनांक ____ च्या शासन निर्णयातील परिच्छेद ____ नुसार ज्येष्ठता ____ या दिनांकापासून मोजणे आवश्यक आहे. प्रत्यक्ष यादीत मात्र ____ हा दिनांक विचारात घेतलेला दिसतो. परिणामी मूळ संवर्गात मला कनिष्ठ असलेले अनुक्रमांक ____ ते ____ वरील कर्मचारी मला ज्येष्ठ दर्शविले आहेत. तरी यादी उक्त निकषानुसार दुरुस्त करून, माझ्या आक्षेपावर कारणांसह लेखी निर्णय कळवावा. दरम्यान या यादीच्या आधारे होणारी पदोन्नती या आक्षेपाच्या निर्णयाच्या अधीन ठेवावी, ही विनंती."

शेवटची दोन वाक्यं गाळू नका. "कारणांसह निर्णय" मागितला नसेल तर उत्तर एका ओळीत येतं, आणि एका ओळीच्या उत्तरावर पुढे लढणं अवघड जातं. "अधीन ठेवावी" हे लिहिलं नसेल तर पदोन्नती आदेश निघून जातात आणि पुढे दहा जणांची पदोन्नती उलटवायला कोणी तयार नसतं.

काय लिहू नये? समोरच्याच्या जातीचा, ओळखीचा, आमदाराच्या पत्राचा उल्लेख. आस्थापनेतल्या लिपिकावर पैसे घेतल्याचा आरोप. पुरावा असेल तर त्यासाठी वेगळी तक्रार करा. ज्येष्ठतेच्या आक्षेपात त्याने मुद्दा पातळ होतो आणि माणूस टेबलाला शत्रू करून बसतो. आणि संघटनेच्या लेटरहेडवर एकत्र सह्यांचं निवेदन दिलं तरी स्वतःचं वैयक्तिक निवेदन वेगळं द्या. तुमच्या नावाचं, तुमच्या तारखांचं.

टप्पा ७: पोच आणि मुदतीचा हिशोब

आक्षेप योग्य मार्गाने, म्हणजे कार्यालयप्रमुखामार्फत द्या आणि एक प्रत थेट नियुक्ती प्राधिकाऱ्याला स्पीड पोस्टाने पाठवा. आपल्या प्रतीवर आवक क्रमांक, दिनांक आणि शिक्का घ्या. "साहेब म्हणाले बघतो" ही पोच नाही. शिक्का मिळाला नाही तर पोस्टाची पावती जपून ठेवा.

आता मुदत. मॅटसाठी प्रशासकीय न्यायाधिकरण अधिनियम, १९८५ मधली मुदत अशी: अंतिम आदेश किंवा निर्णय मिळाल्यापासून १ वर्ष. निवेदन दिलं आणि उत्तरच आलं नाही, तर निवेदनापासून ६ महिने उलटल्यानंतर पुढचं १ वर्ष. उशीर झाला तर माफीचा अर्ज करता येतो, पण कारण ठोस लागतं.

इथेच सगळ्यात मोठी चूक होते. उत्तर आलं नाही म्हणून दर सहा महिन्यांनी नवं निवेदन. प्रत्येक नव्या निवेदनाने मुदत नव्याने सुरू होते असं लोकांना वाटतं. तसं होत नाही. सर्वोच्च न्यायालयाच्या सात न्यायाधीशांच्या पीठाने १९८९ मध्येच सांगितलं आहे की कायद्यात तरतूद नसलेली वारंवार केलेली निवेदनं मुदत वाढवत नाहीत. पहिल्या निवेदनाचा दिनांक कॅलेंडरवर लाल पेनने लिहा आणि त्यापासून मोजा. स्मरणपत्र द्या, जरूर द्या, पण त्याला नव्या मुदतीची सुरुवात समजू नका.

उच्च न्यायालयात रिट याचिकेला ठरलेली मुदत नाही, म्हणून जिल्हा परिषदेचे कर्मचारी आणखी ढिले राहतात. २००९ मध्ये ओडिशाच्या एका प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने ज्येष्ठता यादीला आव्हान देण्यासाठी तीन-चार वर्षं हा वाजवी काळ मानला, आणि बऱ्याच वर्षांनी स्थिर झालेली ज्येष्ठता हलवू नये असं सांगितलं. ती शेवटची रेघ समजा. मी असतो तर अंतिम यादीनंतर सहा महिन्यांच्या आत वकिलाकडे गेलो असतो.

टप्पा ८: अंतिम यादी आली आणि आक्षेप फेटाळला

प्रारूप यादीला थेट मॅटमध्ये आव्हान देऊ नका. आक्षेप प्रलंबित असताना अर्ज अकाली ठरतो. अंतिम यादी आणि फेटाळल्याचं पत्र हे दोन कागद हातात आले की पुढे जा. दर वर्षी १ जानेवारीच्या स्थितीची यादी निघते. मागच्या वर्षी हरकत घेतली नाही म्हणून या वर्षी सोडून द्यायचं नसतं. पण जुनी यादी अंतिम होऊन बरीच वर्षं झाली असतील तर नव्या यादीतली तीच चूक नवी म्हणून मांडू नका. आधीच्या वर्षांत काय केलं हे विचारलं जाईलच.

वकिलाकडे जाताना टप्पा २ ची फाइल, टप्पा ४ चा तक्ता आणि पोच असलेला आक्षेप घेऊन जा. मुद्दा एका वाक्यात सांगता आला पाहिजे.

आणि प्रतिवादी. ज्यांचा क्रमांक तुमच्या मागणीमुळे खाली जाईल त्यांना प्रतिवादी केलं पाहिजे. फक्त शासन आणि विभागप्रमुख यांना प्रतिवादी करून मागितलेला आदेश अनेकदा याच कारणाने मिळत नाही, किंवा मिळाला तरी पुढे टिकत नाही. शंभर जण असतील तर सगळ्यांना जोडणं अवघड आहे हे खरं. त्यातले काही प्रातिनिधिक म्हणून जोडण्याबद्दल वकिलाशी बोला, पण कोणालाच न जोडणं हा पर्याय नाही. रोज बरोबर चहा पिणाऱ्या सहकाऱ्याला नोटीस पाठवायचं जिवावर येतं, मला कळतं. त्याला आधी फोन करून सांगा. पण नाव गाळू नका.

तुमच्याच बाजूचे अनेक जण एकत्र अर्ज करणार असाल तर मॅटकडे त्यासाठी परवानगीचा वेगळा अर्ज द्यावा लागतो. सगळ्यांचा मुद्दा एकच असला पाहिजे. टप्पा ४ मधले 'अ' आणि 'ब' एका अर्जात बसत नाहीत, कारण एकाचा फायदा दुसऱ्याचं नुकसान आहे. संघटनेच्या पदाधिकाऱ्यांनी हे आधीच ओळखावं. एकाच संघटनेत दोन्ही मूळ संवर्ग असतील तर संघटनेने वर्गणी काढून एका बाजूची केस लढू नये. त्याने संघटना फुटते.

टप्पा ९: निकाल बाजूने लागल्यावर

आदेश हातात आला की काम संपलं असं समजून लोक घरी बसतात. प्रमाणित प्रतीसह नियुक्ती प्राधिकाऱ्याला अर्ज द्या आणि चार गोष्टी नावानिशी मागा: दुरुस्त ज्येष्ठता यादी, पुढच्या विभागीय पदोन्नती समितीपुढे सुधारित क्रमाने विचार, कनिष्ठाला पदोन्नती मिळालेली असेल तर मानीव दिनांक (आपली पदोन्नतीही तेव्हाच झाली असं धरायचा दिनांक), आणि त्यानुसार वेतननिश्चिती. मानीव दिनांक हा शब्द न लिहिल्यामुळे क्रमांक सुधारला पण पदोन्नतीचा दिनांक तोच राहिला, अशी प्रकरणं माझ्या टेबलावर आली आहेत.

मानीव दिनांकापासून वेतन काल्पनिकरीत्या निश्चित होणं वेगळं आणि त्या काळाची प्रत्यक्ष थकबाकी मिळणं वेगळं. प्रत्यक्ष काम न केलेल्या काळाची थकबाकी सहसा मिळत नाही. राज्य कर्मचाऱ्यांनी महाराष्ट्र नागरी सेवा (सेवेच्या सर्वसाधारण शर्ती) नियम, १९८१ मधला नियम ३२ वाचावा आणि अर्जात दोन्ही मागण्या वेगवेगळ्या परिच्छेदांत लिहाव्यात.

दुरुस्त यादी निघाली की टप्पा ४ ची तपासणी त्या यादीवर पुन्हा करा. सुधारित यादीत नवी चूक शिरल्याची उदाहरणं आहेत, आणि तिच्यावर हरकत घ्यायची मुदत त्या यादीच्या दिनांकापासून सुरू होते.